वरच्या खोलीतला दिवा

माझा धाकटा भाऊ कृष्णात गगनबावड्याच्या घाटात मोटारसायकलच्या अपघातात गेला. तिसऱ्या दिवशी रक्षाविसर्जनाला जमलेल्या बायका त्याच्या बायकोच्या, तेजस्वीच्या, बांगड्यांकडं बघायला लागल्या तेव्हा मी पुढं झालो. म्हणालो, "आमच्या घरात कुणाच्या बांगड्या फुटणार नाहीत. मंगळसूत्राला कुणी हात लावायचा नाही."

शिवाजी पेठेत माझ्या शब्दाला वजन आहे. तीस वर्षं कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवलं, आता दर रविवारी आमचं विचारमंडळ भरवतो, आणि विधवांच्या या प्रथांवर तर मी जिल्हाभर भाषणं केली आहेत. बायका मागं सरल्या. माझी आई, आक्का, तेवढी पुटपुटली, "रीत हाय रं बाबा ती." मी तिला सगळ्यांदेखत झापलं. खोटं कशाला बोलू, भावाच्या राखेपुढं उभा असतानाही मला स्वतःचं कौतुक वाटलं.

त्याच संध्याकाळी तेजस्वी चहा घेऊन माझ्या वरच्या खोलीत आली. मंगळसूत्र तिनं दोन बोटांत धरलं होतं.

"दादा, हे काढून ठेवू का?"

"आक्कानं सांगितलं?"

"न्हाय. मलाच नको वाटतंय."

"नको वाटतंय असं तुला वाटतं," मी म्हणालो. "शेकडो वर्षांची भीती आहे ती, तेजस्वी. तुझ्या नकळत बोलते. तू घाबरू नको, मी आहे ना."

तिनं मंगळसूत्र पदराआड सारलं. मग "चहा गार हुतोय" म्हणाली आणि खाली गेली.

आठव्या दिवशी तिनं पुन्हा तेच विचारलं. मी पुन्हा समजावलं, या खेपेला जरा चिडूनच. हिच्यासाठी मी अख्ख्या भावकीशी भांडतोय, आणि हिलाच त्याची किंमत नाही.

उत्तरकार्याला मी विधींना फाटा देऊन दारात सभा ठेवली. मांडव, शंभरेक खुर्च्या, माईक. तेजस्वीला पुढच्या रांगेत बसवलं, हिरव्या बांगड्यांसकट. तिला कुंकू मी आक्काच्या हातनं लावून घेतलं. त्या म्हातारीचं स्वतःचं कपाळ वीस वर्षांपासून मोकळं. तिनं नजर खाली ठेवूनच बोट टेकवलं, आणि मला वाटलं, चला, परंपरा हरली. मंडळाच्या लोकांनी फोटो काढले.

"प्रबुद्ध होणं म्हणजे काय?" मी बोलायला सुरुवात केली. "ग्रंथाचं, गुरूचं, समाजाचं बोट सोडून स्वतःच्या डोक्यानं विचार करणं. अध्यात्मही दुसरं काही सांगत नाही. आत दिवा लागला की बाहेरच्या अंधाराचं भय उरत नाही." माना डोलल्या. मला अजून बरंच बोलायचं होतं.

तेजस्वी उठली. दोन्ही हात मानेमागं नेऊन तिनं मंगळसूत्र काढलं आणि माझ्यासमोर टेबलावर ठेवलं.

बायकांत कुजबुज झाली. मी माईक बाजूला सारला. "कुणी भरीस घातलं तुला?"

"कुणी न्हाय. तुमीच म्हणताय की, सोताच्या डोक्यानं."

"भीतीपोटी घेतलेला निर्णय स्वतःचा नसतो."

"भीती हुती की. अकरा वरसं हुती." ती ओरडली नाही, पण शेवटच्या खुर्चीपर्यंत ऐकू गेलं. "हे धरूनच वडायचा त्यो मला, मागनं. ह्यो बघा वण." तिनं मानेवरचा पदर सारला. "तुमास्नी ठावं हाय, दादा. तुमी वर वाचत बसायचा. मी खालनं तुमचा दिवा बघायची. वाटायचं, आता दादा उतरतील."

मला माहीत नव्हतं असं मी म्हणू शकलो असतो. मांडवातल्या निम्म्या लोकांनी विश्वासही ठेवला असता. पण मला माहीत होतं. दारू पिऊन कृष्णात घरी आला की मी वर पुस्तक उघडायचो. एकदा सकाळी तिचा सुजलेला गाल बघून मी तिला साक्षीभाव समजावून सांगितला होता. क्रोधाला शांतीनं उत्तर द्यावं, घडतंय ते अलिप्तपणे बघावं, असं बरंच काही. फार छान बोललो होतो. ते आठवून मला त्या मांडवात मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिला आक्काची भीती वाटते हे मी ठरवून टाकलं, कारण खरं कारण विचारलं असतं तर ते माझ्यापाशी येऊन थांबलं असतं.

आक्का उठली. तेजस्वीचा पदर तिनं मानेवर नीट केला. "चल बाई, आत चल," म्हणाली. माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही.

जेवायला फारसं कुणी थांबलं नाही. मी वर गेलो, दार लावून घेतलं आणि सवयीनं पुस्तक उघडलं. खाली स्वयंपाकघरात तेजस्वी हातातल्या बांगड्या काढून स्टीलच्या ताटलीत ठेवत होती. फोडत नव्हती, सावकाश एकेक काढून ठेवत होती. दार बंद होतं, तरी प्रत्येक बांगडी मला स्वच्छ ऐकू येत होती.