धुवून निघालेली पावलं

वॉशिंग मशीनने तीनदा पीं केलं आणि दुपारची शांतता मोडली. माझी पाच वर्षांची बबडी कूस बदलून परत झोपली. मी चादर बाहेर काढून झटकली, तर ती उलगडतच गेली. एक नव्हे, चार चादरी होत्या, एकमेकींना शिवलेल्या.

ताईंच्या. ताई म्हणजे माझी थोरली नणंद. त्या नाचतात, शिवतात, आवाज गोळा करतात आणि त्या सगळ्याचं मिळून एकच काहीतरी करतात. "नक्की काय करते ती?" असं नातेवाइकांनी विचारलं, की माझा नवरा म्हणतो, "फार चौकशी करू नका, तुम्हालाही त्यात घेईल."

अर्धांगाच्या झटक्यानंतर सासरे ज्या चादरींवर सहा महिने पडून होते, त्याच जोडून ताईंनी जमिनीवर अंथरल्या होत्या. सासरे पुन्हा पहिल्यांदा चालले ते त्यांच्यावरून, तळपायांना कोळशाची पूड लावून. उजवं पाऊल स्वच्छ, डावं फरफटलेलं. ती पावलं आता परत मिळणार नव्हती. सासरे हल्ली भाजी आणायला एकटे जातात. त्या चादरींवरचा ताईंचा नाचाचा प्रयोग पाच दिवसांवर आला होता. ताईंनी घडी सासऱ्यांच्या पलंगावर ठेवलेली, आणि माझ्या हातांनी ती सवयीने उचलून मशीनमध्ये टाकली.

संध्याकाळी ताई आल्या. मी चादर पुढे केली. त्यांनी ती खिडकीपाशी धरली, बराच वेळ.

"रागवा तरी," मी म्हटलं.

"थांब. रागावतेच आहे."

दोन दिवस अबोला. तिसऱ्या दिवशी ताई मायक्रोफोन घेऊन बाथरूमच्या दारात उभ्या राहिल्या.

"या चादरी रोज कोण धूत होतं गं?"

"मीच की. मशीनमध्ये टाकायच्या आधी हातानेच घासाव्या लागायच्या."

"आणि मला फक्त बाबांची पावलं दिसली. बस, पीळ बघू एकदा."

पुसट राखाडी डाग उरले होते, तिथे त्यांनी दोन रात्री जागून लाल दोऱ्याचे टाके घातले. प्रयोगात त्या टाक्यांवरून सासऱ्यांसारख्या चालल्या, डावा पाय ओढत. जिथे कापड कोरं झालं होतं, तिथे गुडघ्यांवर बसल्या आणि हवेतच पिळू लागल्या, कोपर पोटाशी दाबून. स्पीकरमधून पाण्याची धार, आणि माझा लागलेला दम. मी कोपर असं दाबते, हे मलाच ठाऊक नव्हतं. सहा महिन्यांत माझ्याकडे इतकं निरखून दुसऱ्या कुणी पाहिलं असेल, असं वाटत नाही.

"इतका वाकडा चालायचो होय मी?" शेजारी सासरे पुटपुटले. "आणि तुम्ही सगळे म्हणत होतात, छान, छान."

टाळ्या थांबेनात. बबडी माझ्या मांडीवर चढली, कानाशी तोंड आणलं.

"आई, तू ते धुतलं नसतंस, तर याहून छान झालं असतं का?"