औषध कालवणारा हात

गुरुदास पार कंटाळला होता. तीन महिने कॅमेरा खांद्यावर मारून कुणकेश्वरापासून खारेपाटणापर्यंत आंब्याच्या बागा पालथ्या घातल्या, एसटीच्या धक्क्यांनी कंबर गेली, आणि मुंबईत फवारणीची चौकशी करणाऱ्या समितीपुढे रिळं दाखवली तर तिथले साहेब काय म्हणाले? "अहो, सगळेच औषध, औषध म्हणतायत. विष कोणी म्हणतच नाही. मग तुमच्या माहितीपटात तक्रार आहे कुठे?"

घ्या! मोहरावरच्या कीटकनाशकाच्या फवाऱ्याला अख्खा मुलूख औषधच म्हणतो. बांद्याच्या मास्तरांचा मुलगा गुरुदास, तोही लहानपणापासून तेच म्हणत आलेला. पण आता एका तरी माणसाने कॅमेऱ्यापुढे तो दुसरा शब्द उच्चारायला हवा होता. नाहीतर समिती हलणार नव्हती, आणि येत्या, १९८६च्या मोसमातही तीच फवारणी आणि तेच हाल. फिल्म उरली होती जेमतेम तीन मिनिटांची.

म्हणून तो पुन्हा मथुराकाकीच्या घरापुढच्या खळ्यात येऊन उभा राहिला. तिचा नवरा लवू सहा मोसम पाठीवर पंप घेऊन बागायतदाराची कलमं फवारत होता. आता त्याचे हात असे कापायचे की पेजसुद्धा मथुराच भरवायची. आत्ताही ती वाटी घेऊन ओट्यावर त्याच्याशेजारी बसली होती.

"परत इलंस?" ती हसली. "माका पिक्चरात नायिका करतलंस की काय रे?"

हसायचंही त्राण गुरुदासला उरलं नव्हतं. त्याने टेप लावला, कॅमेरा सुरू केला.

"काकी, लवूकाकांक ह्यां कित्यान झालां?"

"औषधान."

"औषधान माणूस असो होता?"

मथुरा वाटीतली पेज ढवळत बसली. फिल्म फुकट पळत होती.

"वीख म्हण गो, काकी. एकदाच." भीक मागितल्यासारखं झालं, त्याची त्यालाच लाज वाटली.

"नाय म्हणूचंय!" मथुराने वाटी खाली आपटली. "बादलीत तां कोण कालवी? मीच! काठी नाय गावली तर ह्या हातान, कोपरापर्यंत. माझ्याच हातान ह्यांच्या पंपात भरलंय. तां वीख, तर मी कोण रे?"

तीन महिन्यांत हा प्रश्न गुरुदासच्या डोक्यात एकदाही आला नव्हता. कॅमेरा बंद करावा म्हणून त्याने हात पुढे केला, तेवढ्यात लवू बोलला.

"म्हण गो. वीखच होतां. बागेत कावळे मरान पडाक लागले, तेव्हाच माका कळलां."

"आणि माका सांगूक नाय?"

"त्याच हातान तू भात वाढी होतंस. खंयच्या तोंडान सांगू?"

मथुरा आपल्या उजव्या हाताकडे बघत राहिली. "वीख," ती नवऱ्याला म्हणाली. "वीख होतां तां."

शब्द मिळाला. रीळ संपून कॅमेरा थांबला.

पेज निवत होती. मथुराने सवयीने घास उचलला आणि हात मध्येच अडला.

लवूने तोंड उघडून धरलं.