पाणी थांबवा

सिंधूला नुसतं पाणी चालत नसे, गारच लागे. माठातलं ती तोंडात धरून मोरीत थुंकायची. फ्रीजमधल्या बाटल्या एकामागून एक रिकाम्या करायची, बर्फ कडाकडा चावायची आणि लगेच पुन्हा उठायची. म्हैसूरजवळ हूटगळ्ळीच्या नव्या घरात उदयला दुसरा फ्रीज घ्यावा लागला. रक्तातली साखर तपासली, ती ठीक निघाली. मग उदयनं ठरवून टाकलं की हा नाद आहे आणि नाद सोडवता येतो. बायकोवर त्याचा जीव होता. भीती वाटायची म्हणूनच तो असं ठासून बोलायचा.

नव्या डॉक्टरीणबाईंना मात्र निराळाच संशय आला. तहान मेंदूतून लागते, मेंदूचा फोटो काढू म्हणाल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी दवाखान्यातून नर्सचा फोन आला, तो कन्नडमध्ये.

आता उदयचं कन्नड. पुण्याहून येऊन काही वर्षं झाली होती, हेब्बाळच्या कंपनीत इंग्रजीवर भागत होतं. पण रिक्षावाल्याला ‘इल्ले निल्लिसि’ म्हणून थांबवलं की स्वारी अर्ध्या हळकुंडानं पिवळी व्हायची. नर्स म्हणाली, “संजे बन्नि. खाली होट्टे. आदरे नीरु निल्लिसबेडि.” इंग्रजीत सांगा म्हणायला त्याची जीभ रेटेना. संध्याकाळी या, पोट रिकामं. नीरु म्हणजे पाणी, निल्लिस म्हणजे थांबवा. उरलेलं ‘बेडि’ त्यानं आदरार्थी शेपूट समजून सोडून दिलं आणि “सरी, सरी” म्हणत ऐटीत फोन ठेवला.

दोन्ही फ्रीजना कुलूप लागलं, माठ मोरीत उपडा झाला. नळाला पाणी येऊ नये म्हणून गच्चीवरचा वॉल्व्हही त्यानं बंद केला आणि किल्ल्या खिशात टाकून लॅपटॉप उघडला. सिंधू आधी हसली, मग भांडली, मग रडली. पोटात घोट नसताना ती सारखी लघवीला कशी जाते याचं त्याला नवल वाटलं. पण नर्स काय उगाच सांगेल? दुपारी ती फ्रीजच्या दाराला गाल लावून बसली.

“एक घोट दे रे उदय. आतून जळतंय सगळं.”

“संध्याकाळपर्यंत कळ काढ,” तो म्हणाला. पुढे ती मागायची थांबली, पलंगावर पडून राहिली. सुटतोय नाद, असं वाटून त्याला बरंच वाटलं.

खालच्या मजल्यावरून घरमालकीण अंबूताई वर आल्या, नळ कोरडा का म्हणून विचारायला. पिढ्यान्‌पिढ्या म्हैसूरला शिवणकाम करणारं त्यांचं घर, मराठी निम्मी कन्नड. सिंधूच्या फाटलेल्या ओठांकडे पाहून त्या दारातच थबकल्या. उदयनं नर्सचं वाक्य त्यांना म्हणून दाखवलं, अक्षर न चुकता.

“अय्यो देवरे,” अंबूताई हळूच म्हणाल्या. “निल्लिसि म्हणजे थांबवा की रे. निल्लिसबेडि म्हणजे थांबवू नका. खायला देऊ नको, पण पाणी तोडू नको म्हणून सांगितलं तिनं.”

उदयनं धावत जाऊन फ्रीजचं कुलूप काढलं. आपल्या मुलाला गाडी काढायला सांगायला अंबूताई जिन्यावरून ओरडत खाली धावल्या. त्यानं सिंधूचं डोकं मांडीवर घेतलं, बर्फाळ बाटली तिच्या ओठांना लावली. पाणी हनुवटीवरून गळ्यात ओघळलं.

“घे ना सिंधू. गार आहे बघ, एकदम गार.”

तिनं डोळे अर्धवट उघडले. बाटली कुणा परक्याची असावी तशी ती तिच्याकडे बघत राहिली आणि मग तिनं त्याचा हात बाजूला सारला.

“नको,” सिंधू म्हणाली. “तहान नाही.”