गाळातले पालटे

पोंभुर्ण्याच्या पलीकडे, जंगलाला टेकून असलेल्या एका गावच्या तलावाचं पाणी मुखरू ढिवराच्या हाती होतं. पारीच्या, म्हणजे बांधाच्या, पोटात पाणी सोडायचं तुडुम, त्याला एकाखाली एक तीन भोकं आणि भोकांत लाकडी खुंट्या. कुठली खुंटी कधी काढायची हे मुखरूनं ठरवायचं. बापाकडून आलेलं काम होतं. त्यात मान होता, आणि एक धाकही होता. तो पालट्यांचा.

पावसाळाभर पालटे त्या तलावात मासे होऊन राहत. कल्ल्यापाशी तांबडा ठिपका दिसला की ढिवर जाळं सैल सोडत. शेवाळ आणि गोगलगायी खाऊन पालटेच पाणी नितळ ठेवत. आश्विनात पाणी ओसरू लागलं की ते काठच्या गाळात येऊन पडत. नऊ दिवस पडून असत. त्या नऊ दिवसांत कल्ले मिटत, पाय फुटत, अंगावर भुरी लव चढत. दहाव्या दिवशी पहाटे हरणाएवढी जनावरं उठून जंगलात निघून जात. पुढचा पाऊस आला की नाल्यानं परत येत, आणि पाण्यात शिरता शिरता पुन्हा मासे होत.

मात्र त्या नऊ दिवसांत गाळ ओला राहायला हवा. श्वास कातडीतून चालायचा. पाण्यात ढकलले तर बुडत, उन्हात राहिले तर तडकत. म्हणून नऊ दिवस तुडुम बंद. गावात हे कुणाला शिकवावं लागत नसे.

नव्याण्णव साली पोळा झाला आणि पाऊस जो गेला तो गेलाच. धान ऐन निसवायला आलेलं, बांधीत, धानाच्या खाचरांत, भेगा. पालटे गाळात येऊन दोनच दिवस झाले होते, तेव्हा शालिकराम पाटील वीसेक माणसं घेऊन पारीवर आला.

"मुखरूभाऊ, खुंटी काढ."

"सात दिवस थांबा, पाटील. पालटे पडले हायेत."

"सात दिवसांत धानाची तणस होईल. मंग लेकरायले काय चारू, गाळ?"

मुखरूनं गर्दीकडे पाहिलं. गर्दीत त्याचा सख्खा भाऊ होता. आशाबाई होती, तिची अर्धा एकर बांधी पार शेवटाला. ती हात जोडून उभी होती, आणि तेच त्याला पाहवेना. त्यानं पाण्यात उतरून वरची खुंटी काढली.

पाणी अर्ध्या बांध्यांपर्यंतच पोचलं. दुसऱ्या दिवशी दुपारी माणसं परत आली. मुखरूनं दुसरी खुंटीही काढली.

घरी आला तेव्हा बायको, रंभा, उंबऱ्यातच उभी होती.

"दुसरी काऊन काढली तुमी?"

"पयल्या खुंटीनं आशाबाईच्या बांधीत पाणी गेलं नाई."

"आन त्यायचं काय, गाळातल्यायचं?"

रंभानं पाण्याचा गुंड उचलला आणि ती तलावाकडे चालू लागली. मुखरूही बारदाना घेऊन मागं निघाला.

पाणी पन्नास पावलं आत सरकलं होतं. गाळावर आश्विनाचं ऊन पडलं होतं. दोघांनी बारदाने भिजवून पालट्यांवर टाकले. रंभा डोक्यावरून पाणी आणी, मुखरू ओती. दुसऱ्या दिवशी आशाबाईही गुंड घेऊन आली. तिघं सूर्य उगवल्यापासून मावळेपर्यंत पाणी वाहत. पण पालटे साठाच्या वर होते आणि माणसं तीन. एकाला भिजवून दुसऱ्याकडे वळावं तोवर पहिल्याची कातडी पापडासारखी वाजू लागे. ते ओरडत नसत. ओरडायला त्यांना अजून गळाच फुटला नव्हता. नुसती तोंडं उघडत आणि मिटत.

आठव्या दिवशी एकच जिवंत उरला. पुढचे पाय खुरांसकट आलेले, मागं मात्र शेपटीचा पर तसाच. रंभानं त्याला लुगड्यात गुंडाळून घरी आणलं आणि अंगणात, चिंचेच्या सावलीत, ओल्या मातीत ठेवलं. नऊ दिवस संपले, दहावा उजाडला, तरी त्याचं रूप पुढं सरकेना. मुखरू त्याला कोवळं गवत दाखवी, शेवाळ दाखवी. तो दोन्ही हुंगे आणि मान वळवी. अकराव्या दिवशी पुढच्या पायांवर उठायला बघितलं त्यानं. अर्धा उठला. मुखरूनं पोटाखाली हात घातला. काळजाचे ठोके त्याच्या तळव्याला लागले, मग लागेनासे झाले.

धान मात्र चांगलं आलं. शालिकराम पाटलानं नव्या तांदळाची पायली पाठवली. रंभानं भात रांधला, दोघं जेवले. भाताला गोडी होती. मुखरू अर्ध्यातून उठला आणि परसात जाऊन कितीतरी वेळ हात धूत राहिला.

फाल्गुन सरत आला तसा त्याला चैन पडेना. नाल्याच्या वर, दोन कोसांवर, मुखरूच्या ओळखीच्या इतवारीचं गाव. गोंडांची पंधरा घरं. पालट्यांना तिथं पाहुणे म्हणत. एरवी ते डोंगरात दडून असत, मोह गळायला लागला की खाली उतरत. पुढं मोहाची फळं खात, त्यांच्या लेंडीतून नवे मोह रुजत, म्हणून तिथं त्यांच्यावर कुणी बाण उचलला नाही. मुखरू एका सकाळी एकटाच निघाला.

इतवारी मोहाखाली बसलेला दिसला. झाडाखाली वाळल्या पानांचा गुडघाभर थर, आणि फुलं त्यात पडून कुजत चाललेली.

"पाला जाळला नाई अजून?" मुखरूनं विचारलं. पाला जाळल्याशिवाय मोह वेचता येत नाही, हे त्यालाही ठाऊक होतं.

"पाहुणे आले नाईत ना, भाऊ," इतवारी म्हणाला. "राखेत त्यायचे खुरं पोळतेत. त्यायचं खाऊन झालं का मंग आमी जाळतो. पंधरा दिस झाले, सारं गाव थांबून हाये. तुमच्याकडून निघाले ना ते?"

मुखरू त्याच्याशेजारी बसला. त्यानं सगळं सांगितलं. पहिली खुंटी, दुसरी खुंटी, ऊन, अंगणातला तो अर्धा. पाटलाचं नाव त्यानं घेतलं नाही. "म्या काढली," एवढंच म्हणाला. "वाट नका पाहू, इतवारीभाऊ. कोणी येऊन नाई राह्यलं."

इतवारीनं मान वर करून त्याच्याकडे पाहिलं. मुखरूला वाटलं, आता मारेल. मारलं असतं तर बरं झालं असतं.

"एकही नाई?"

"एकही नाई."

इतवारी उठला. घरातून निखारा घेऊन आला. त्याच्यामागं बाया आल्या, पोरं आली. त्यानं वाकून पाल्याला निखारा लावला. पाला सावकाश पेटला, आणि धूर वर फुलांनी लगडलेल्या फांद्यांत शिरला. एका म्हातारीनं आपल्या बोलीत हंबरडा फोडला, घरचं माणूस गेल्यावर फोडतात तसा.

मुखरू जायला उठला. इतवारीनं त्याच्या हाती झाडाची एक ओली फांदी दिली.

"थांब त्या बाजूनं," तो म्हणाला. "आग बुंध्याकडं जाऊ नको देऊ."