बारा काड्या

माझं कलम मरत नाही, असं मी आयुष्यभर छाती ठोकून सांगत आलो. अक्रोडाचं कलम भल्याभल्यांना दमवतं, पण माझी शंभरातली ऐंशी तरी जगतात. रोपवाटिकेतले लोक मला पाठीमागे 'खडूस' म्हणतात, हेही मला ठाऊक आहे. म्हणोत बापडे.

आमच्या मागच्या अंगणातलं झाड मात्र कलमाचं नव्हतं. मुलीने सात वर्षांची असताना खिशातला एक अक्रोड कुंपणाशी पुरला होता. "बीचं झाड म्हणजे नशिबाचा खेळ. दगडासारखं काहीतरी निघेल," असं मी तिला सुनावलं होतं. दहा वर्षांनी त्या झाडाने मला तोंडघशी पाडलं. कवच इतकं पातळ की दोन फळं मुठीत दाबली तरी फुटायची, आणि गर अख्खा सुटून यायचा. हिरवी साल सोलून मुलीचे हात काळेकुट्ट व्हायचे आणि तेच हात ती आईच्या पांढऱ्या गणवेशाला पुसायची. माझी बायको नर्स. तो डाग काही केल्या निघत नाही. बायको घर डोक्यावर घ्यायची आणि ही पोरगी हसत सुटायची.

एकोणिसाव्या वर्षी ती अपघातात गेली. रक्त थांबलं नाही. तिला आणलं ते बायकोच्याच हॉस्पिटलमध्ये, तिच्याच पाळीत. मी पोहोचेपर्यंत सगळं संपलं होतं. "तिला काही दुखलं नाही हो. शुद्धच नव्हती तिला," एवढंच बायको म्हणाली. त्या एका वाक्यावर मी अकरा वर्षं काढली.

गेल्या वर्षी झाडाची पानं अवेळी पिवळी पडली. बुंध्याशी उकरलं, तर मुळं बुरशीने कुजलेली. झाड तोडून जाळण्यावाचून इलाज नव्हता. तोडण्याआधी मी कलमासाठी शेंड्याच्या काड्या काढल्या. कोंब फुटण्याजोग्या धडधाकट डोळ्यांच्या जेमतेम बारा मिळाल्या. टोकांना मेण लावून, ओल्या गोणपाटात गुंडाळून त्या तळघरात ठेवल्या. बायको रोज खाली जाऊन गोणपाटावर हात ठेवून यायची.

"जगतील ना हो?"

"बांधणारा कोण आहे?" मी म्हणायचो.

थंडी सरली, वाटिकेतल्या रोपांना पालवी फुटली, आणि मी बाराही काड्या बारा रोपांवर बांधल्या. या दिवसांत अक्रोडाला कापलं की तो भळाभळा वाहतो. ते पाणी जोडात साचलं तर काडी बुडून मरते. म्हणून रोपाच्या पायथ्याशी दोन तिरके छेद द्यायचे, म्हणजे पाणी खालच्या खाली गळून जातं. हे मी आजवर किती शिकाऊंना घसा फोडून सांगितलंय. बायकोला कधीच नाही. तिची ड्यूटी आणि माझी वाटिका, दोघांचे रस्ते वेगळे. निवृत्त झाल्यावर या बारा काड्यांसाठी ती पहिल्यांदाच वाटिकेत येऊ लागली होती.

मला एका बागेच्या कामावर आठ दिवस जायचं होतं. निघताना मी थट्टेने म्हणालो, "तुझ्या पेशंटसारखं सांभाळ हं यांना."

नवव्या दिवशी परतलो तर बायको वाटिकेच्या फाटकातच उभी होती. मला हाताला धरून ओढतच आत नेलं. बाराही रोपांच्या पायथ्याशी पांढऱ्या पट्ट्या होत्या. खाली माझंच मेण चोपडलेलं, वर तिची ती जन्मभराची घट्ट, सुबक गाठ.

"सारखं वाहत होतं हो," ती म्हणाली. "मला बघवेना. सगळ्यांचं थांबवलं मी. एकाचंही वाहत नाही आता, बघा."

दुसऱ्या कुणी हे केलं असतं तर मी त्याची सालटी काढली असती. पण तिचा चेहरा अकरा वर्षांत इतका उजळलेला मी पाहिला नव्हता.

ती डबा आणायला घरी गेली तेव्हा मी वरचा एक जोड सोडून पाहिला. आत ओल, काळी पडलेली साल आणि आंबूस वास. मग दुसरा, मग बाराही. पट्ट्या फाडून छेद पुन्हा उघडले, जोड पुसले, पुन्हा बांधले. करायचं म्हणून केलं. मी खाली बसलो आणि लहान पोरासारखा रडलो.

छेदांतलं पाणी तोवर आटलं होतं; तिला पट्ट्या दिसल्या नाहीत तेव्हा "जखम भरली की सोडायच्याच असतात," असं मी तिला सांगितलं. तीन आठवडे ती रोज सकाळी रोपांपुढे वाकून डोळे फुगलेत का ते बघत राहिली. शेवटी एका काडीला तिचं बोट लागलं आणि काडी अलगद गळून पडली.

ती उठली. "काय चुकलं हो?"

"माझाच चाकू बोथट होता," मी म्हणालो. "काप खडबडीत आला. माझी चूक."

तिने माझ्याकडे पाहिलं. मग पायथ्याच्या, मी पुन्हा उघडलेल्या छेदांकडे. त्यांच्या कडांना अजून तिच्या मेणाचा थर होता.

"चाकूला तुम्ही रोज धार लावता," ती हळूच म्हणाली.

मी कडेचं मेण नखाने खरवडू लागलो.

"अहो, त्या दिवशी हॉस्पिटलात मीसुद्धा तुम्हाला..."

"नको," मी म्हणालो. "बाई, हात जोडतो तुला. ते नको सांगूस."

ती थांबली. गळून पडलेली काडी तिने उचलली, पदराने पुसली आणि आम्ही घरी गेलो.