जुरेमाचा वाईट प्रयोग

"आणि शेवटचं भाषण वाण्याची यादी वाचल्यासारखं म्हण," अमिल्कार म्हणाला. "साबण, मीठ, रॉकेल. तसं."

"तसं मला येत नाही," जुरेमा म्हणाली.

"येत नाही काय? अर्धे नट तेवढ्यावर पोट भरतात."

मी जुरेमाच्या मागे उभी राहून तिच्या काळ्या झग्याचे हूक लावत होते. मला हसू आलं. जुरेमाला आलं नाही. ती आरशात स्वतःकडे अशी बघत होती, की जणू शेजारच्या बाईने तिचा चेहरा उसना मागितलाय आणि द्यावा की नाही ते ठरत नाहीये.

साल एकोणीसशे त्र्याहत्तर, जून महिना, म्हणजे आमच्या ब्राझीलमधला हिवाळा; साओ पावलोची हाडात शिरणारी थंडी. आमचं थिएटर एका बेकरीच्या मागच्या बाजूला होतं. मी, नोएमिया, तिथला कपडेपट सांभाळत असे. त्या काळी कुठलंही नाटक लोकांसमोर आणण्याआधी एक प्रयोग फक्त सेन्सॉरसाठी करावा लागे. संहितेवर लाल पेन्सिल आधीच फिरलेली असे, तरीही ती रंगमंचावर कशी दिसते ते बघायला त्यांची माणसं येत. प्रेक्षागृह रिकामं, दोन खुर्च्यांवर दोन माणसं, आणि आम्ही मात्र पूर्ण कपडे, पूर्ण मेकअप, पूर्ण दिवे.

आमचं नाटक जुन्या कुठल्याशा राजाच्या काळातलं होतं. एका धोबिणीचा मुलगा शिपायांनी किल्ल्यात नेलेला असतो. ती रोज दरवाजाशी येते, जेवणाचं ताट मांडते आणि पहारेकऱ्याला विचारते, "तो जेवला का?" एवढंच नाटक. राजा जुना होता, पण देशात लष्कराचं राज्य होतं आणि त्या वर्षी आमच्या शहरातल्या कितीतरी घरांतली मुलं अशीच नेलेली होती. ही गोष्ट प्रेक्षकांना कळायला हवी होती आणि सेन्सॉरला कळायला नको होती.

आदल्याच महिन्यात नदीपलीकडच्या एका नाटक मंडळीचं नाटक असंच गेलं होतं. त्यांची नायिका सेन्सॉरसमोर जीव ओतून रडली. सेन्सॉरही रडला. मग त्याने डोळे पुसले आणि बंदीच्या कागदावर सही केली.

म्हणून अमिल्कारने, आमच्या दिग्दर्शकाने, ही युक्ती काढली होती. प्रयोग वाईट करायचा. शब्द सगळे तेच, पण जीव काढून. बघणाऱ्याला जांभया आल्या पाहिजेत. बाकीच्यांना हे सोपं गेलं. जुरेमाला नाही. वयाच्या विसाव्या वर्षी मिनास प्रांतातलं घर सोडून ती या शहरात आली होती, तीन वर्षं दुसऱ्यांच्या शर्टांना बटणं लावली होती, नोकराणीच्या दोन-दोन वाक्यांच्या भूमिका केल्या होत्या, आणि आता एकतिसाव्या वर्षी पहिल्यांदा अख्खं नाटक तिच्या खांद्यावर होतं.

दाराशी कुणीतरी खोकलं. बघते तर एक म्हातारी बाई. डोक्याला रुमाल, काखेत कापडात बांधलेलं चीज, हातात पेरूच्या वडीचा डबा. तिने मान जरा डावीकडे, जरा उजवीकडे अशी हलवली, हरवलेली सुई शोधावी तशी, आणि मग ती जुरेमावर स्थिर झाली.

"थंडी वाजत नाही का तुला?" ती म्हणाली. "गळा उघडा टाकलाय सगळा."

जुरेमा उठली आणि तशीच उभी राहिली. "आई."

अकरा वर्षं दोघींची भेट नव्हती. ज्या दिवशी जुरेमाने नाटकात जायचं म्हटलं, त्या दिवशी तिच्या वडिलांनी जेवणाच्या टेबलावरून तिची खुर्ची उचलून परसात नेऊन ठेवली होती. पत्रं जायची, उत्तरं यायची नाहीत.

"तुझे बाबा फेब्रुवारीत गेले," आई म्हणाली. "बस. उभी नको राहूस. शांतपणे गेले."

मी खुर्ची पुढे सरकवली, पण तीही बसेना. बोलत राहिली. भाच्याला घेऊन डोळ्यांच्या डॉक्टरकडे आली होती. तिच्या दोन्ही डोळ्यांच्या कडा आतल्या आत विझत चालल्या होत्या.

"मधोमध एवढासा गोल राहिलाय," तिने अंगठा आणि बोट जुळवून दाखवलं. "एका वेळी एकच माणूस मावतो त्यात. डॉक्टर म्हणाला, नाताळपर्यंत तोही जाईल. म्हटलं, तो आहे तोवर तुला एकदा काम करताना बघून घ्यावं. सातची बस आहे. तेवढ्यात होईल ना?"

अमिल्कारने घड्याळ बघितलं. तीनला दहा कमी होते.

"होईल," जुरेमा म्हणाली.

मी म्हातारीला घेऊन बाहेर पडले, पण जुरेमाने माझं मनगट पकडून मला मागे ओढलं.

"आज, नोए? सगळे दिवस सोडून आज? ती बघायला आली, आणि मी दगडासारखी उभी राहू?"

"मी तिला कानात सांगते ना सगळं."

"नको! माझ्या आईला खोटं म्हणून वागता येत नाही. त्या लोकांनी सहज काही विचारलं, तर सगळं भडाभडा बोलून मोकळी होईल."

अमिल्कार दारातून म्हणाला, "जुरे, मी तुला जबरदस्ती करणार नाही. तुझी आई आहे." मग जरा थांबून म्हणाला, "पण तू रडलीस तर ते बंद करतील. मग कोणीच बघणार नाही. तीही नाही, दुसऱ्या आयाही नाहीत."

तिसरी घंटा झाली.

प्रेक्षागृहात परक्या माणसाला परवानगी नव्हती. मी दोना एर्मेलिंदाला, म्हणजे जुरेमाच्या आईला, अगदी मागच्या रांगेत बसवलं, तिच्या मांडीवर एक घागरा टाकला आणि हातात सुई दिली. "कोणी विचारलं तर तुम्ही माझ्या हाताखाली शिवायला आहात."

"दोरा कुठंय सुईत?"

"आत्ता तो लागत नाही. नुसती धरा."

सेन्सॉर दोघं होते. एक पोट सुटलेला गृहस्थ, जेवून आलेला, त्याच्याकडून आम्हाला भीती नव्हती. दुसरी बाई होती. चाळिशीची, केस घट्ट बांधलेले, वहीला स्वतःचं कव्हर घातलेलं. तिने बसायच्या आधी खुर्ची रुमालाने पुसली आणि मग मागे वळून सगळ्या रांगांवरून नजर फिरवली. दोना एर्मेलिंदाने घाईघाईने सुई घागऱ्यात खुपसली.

प्रयोग सुरू झाला. मी आयुष्यात चांगली नाटकं पुष्कळ पाहिली आणि वाईट त्याहून जास्त, पण इतकं काळजीपूर्वक वाईट केलेलं काम पुन्हा पाहिलं नाही. जुरेमा हात लोंबते ठेवून उभी होती. "तो जेवला का?" हे वाक्य तिने, दुकान किती वाजता उघडतं, अशा थाटात विचारलं. दुसऱ्या अंकाच्या मध्यावर गृहस्थांची हनुवटी छातीला टेकली. शेवटच्या भाषणात धोबीण आपल्या मुलाच्या आवडत्या पदार्थांची नावं घेते. तालमीत त्या भाषणाला दिवे लावणारा माणूस दिवे विसरायचा. त्या दुपारी जुरेमाने ती नावं एकामागून एक अशी टाकली, की मला खरोखर वाण्याचं दुकान दिसलं. फक्त तिच्या मानेवरची एक शीर उडत होती. ती विंगेतून मला दिसत होती, समोरून दिसत नव्हती.

मागच्या रांगेकडे बघायचा मला धीर झाला नाही.

पडदा पडला. सेन्सॉरबाई रंगमंचाच्या पायऱ्या चढून वर आल्या आणि थेट जुरेमासमोर उभ्या राहिल्या.

"तुम्हाला मी दोन वर्षांपूर्वी पाहिलं होतं," त्या म्हणाल्या. "लहानशी भूमिका होती. मोलकरणीची. मी घरी जाऊन माझ्या नवऱ्याला सांगितलं होतं, ही बाई पुढे जाणार."

जुरेमाने नुसती मान डोलावली.

"काय झालं मग?"

अमिल्कारच्या हातातली सिगारेट बोटांपर्यंत जळत आली होती.

"काय सांगू, सेन्योरा," जुरेमा म्हणाली. तिने नजर खाली घातली आणि खांदे पाडले. "तेव्हा वाटत होतं खरं. सगळ्यांचंच काही होत नाही."

बाई तिच्याकडे बराच वेळ बघत राहिल्या. त्यांना काय दिसलं, देव जाणे. मग त्यांनी वही उघडली. "'शिपाई' हा शब्द दोन ठिकाणी काढा. अठरा वर्षांवरील प्रेक्षकांसाठी. बाकी हरकत नाही." जाता जाता त्या अमिल्कारला हळूच म्हणाल्या, "लोक फार दिवस यायचे नाहीत, बरं का."

मोटारीचा आवाज रस्त्याच्या वळणापलीकडे विरेपर्यंत कोणी हललं नाही. मग पहारेकऱ्याचं काम करणाऱ्याने आपलं शिरस्त्राण काढून छताकडे भिरकावलं आणि एकच कालवा झाला. मिठ्या, शिट्ट्या, रडणं. अमिल्कार रंगमंचावर चक्क उताणा पडला आणि बेकरीतून कॉफी आणा, सगळ्यांना कॉफी, असं ओरडत राहिला.

जुरेमा मात्र प्रेक्षागृहात उतरली आणि रांगांमधून मागे गेली. मीही तिच्या मागे गेले. दोना एर्मेलिंदा तशीच बसली होती, सुई अजून हातात.

"आई," जुरेमा म्हणाली, आणि तिचा आवाज तिथेच फुटला. "आई, हे असं नाहीये. मी असं काम करत नाही."

"ठाऊक आहे."

"काय ठाऊक आहे?"

"तू बारा-तेरा वर्षांची होतीस," म्हातारी म्हणाली, "तेव्हा बाबा विचारायचे, कुठे होतीस? तू अश्शीच उभी राहायचीस. हात खाली, डोळे मेल्या माशासारखे. 'चर्चमध्ये होते, बाबा.' आणि असायचीस कुठे? सर्कशीच्या तंबूत. केसांना लाकडाचा भुसा लागलेला असायचा. तू झोपलीस की मी झटकून काढायचे, त्यांना दिसू नये म्हणून."

"तुला कळायचं?"

"मला नाही कळणार तर कोणाला? आज पडदा वर गेला नि म्हटलं, अरे देवा, ही पोरगी पुन्हा कोणाला तरी फसवतेय. मग पुढे बघितलं, ती घट्ट केसांची बाई लिहीत बसलेली. म्हटलं, हं. तिला." ती थोडी पुढे वाकली. "मग मीही गप्प शिवत बसले. बरोबर केलं ना?"

जुरेमा हसायला लागली. हसता हसता खुर्च्यांच्या मधल्या वाटेतच खाली बसली आणि आईच्या मांडीवरच्या घागऱ्यात तोंड खुपसून रडली. आई तिच्या केसांवरून हात फिरवत राहिली.

"खरं कधी करणार आहेस?" थोड्या वेळाने तिने विचारलं.

"उद्या. संध्याकाळी सहाला."

"मग मी आज नाही, परवा जाईन. बस काय, रोज सुटते."

इतकं सोपं होतं ते. भाचा एकटा गेला. ती दोन रात्री जुरेमाच्या खोलीत राहिली, आणि दुसऱ्या दिवशी आम्ही तिला चौथ्या रांगेत, बरोबर मधोमध बसवलं. पडद्याच्या फटीतून मला दिसत होतं, तिचं डोकं जुरेमाच्या पावलांबरोबर सावकाश सरकत होतं. दुसऱ्या कुणाकडे तिने पाहिलंच नाही. शेवटी लोक उभे राहिले. टाळ्या वाजल्या नाहीत बराच वेळ, आणि मग थांबल्या नाहीत.

रंगपटात आल्यावर जुरेमाने आईकडे नुसतं पाहिलं, शाळेच्या पोरीसारखं.

"छान," दोना एर्मेलिंदा म्हणाली. "फक्त थोडं कमी रड."

"कमी?"

"त्या धोबिणीला उद्या परत यायचंय ना दरवाजाशी? सगळं आजच रडून टाकलं तर उद्या काय घेऊन येईल?"

त्या नाटकाचे पुढे दोनशे चौदा प्रयोग झाले. जुरेमा त्या जागी पुन्हा कधी रडली नाही. लोक रडले.

नंतर तिला टीव्हीने उचललं. मालिकांमधून ती गावभर ओळखीची झाली. दुष्ट सासू केली तेव्हा बाजारात एका बाईने तिला फळकुटाने मारलं, आणि जुरेमाने ते फळकूट आनंदाने घरी आणून दाखवलं. चार-पाच चित्रपट केले, त्यांतला एक चांगला. नाटक सोडलं नाही. मी शेवटपर्यंत तिचे हूक लावत राहिले.

डॉक्टरने सांगितलं होतं तसंच झालं. नाताळच्या आधीच दोना एर्मेलिंदाचा गोल विझला. मी विचारलं तेव्हा जुरेमा एवढंच म्हणाली, "तिची तक्रार नाही. म्हणते, वेळेवर येऊन गेले."

ब्याऐंशी साली आम्ही दोघी न कळवता मिनासला गेलो. म्हातारीचा सत्तरावा वाढदिवस होता. पोचेपर्यंत संध्याकाळचे सात वाजले. दार उघडंच होतं. आत चार-पाच शेजारणी, मोठ्याने लावलेला टीव्ही, आणि त्याच्या अगदी जवळ, पडद्याकडे तोंड न करता कान करून, दोना एर्मेलिंदा. पडद्यावर जुरेमा कुठल्याशा न्यायाधीशाची बायको होती आणि नवऱ्याला घराबाहेर जायला सांगत होती.

"आई," जुरेमाने दारातून हाक मारली.

म्हातारीने न वळता हात वर केला. "शू! कोण आहे ते? नंतर या. माझी मुलगी बोलतेय."

शेजारणींनी वळून पाहिलं. एकीचा हात तोंडावर गेला. जुरेमाने ओठांवर बोट ठेवलं, बॅग अलगद जमिनीवर टेकवली, आणि जाहिराती लागेपर्यंत दाराला टेकून उभी राहिली.