प्रतापरावांच्या गुळण्या

मी तांब्या बोलतोय. कुठल्या किल्ल्यात सापडलेला नव्हे, मलकपेठेतल्या एका दुसऱ्या मजल्यावरच्या न्हाणीतला. तुम्ही म्हणाल, तांब्याला कसली आलीय जीवनकथा! पण मला बोलायचा हक्क आहे, कारण सगळं आयुष्य मी ऐकण्यात घालवलंय.

बेगम बाजारातल्या एका तांबटाने मला घडवलं. त्याने मला इतके ठोके दिले, इतके ठोके दिले, की मला आवाज गिळायची सवयच लागली. माझ्या तोंडाशी कुणी बोललं की ते पोटात जाऊन बसतं, आणि कढत पाणी ओतलं की बाहेर येतं. बोलून झालं की पुन्हा आत. फक्त पोट लहान आहे. ते भरल्यावर नवा आवाज आला की जुना सांडतो, तो कायमचा.

इंदुताईंच्या लग्नात मी रुखवतात आलो. त्यांचे यजमान प्रतापराव सरकारी नोकरीत. माणूस अबोल. कचेरीत साहेबापुढे गप्प, घरात बायकोपुढे गप्प. त्यांना कंठ फुटायचा तो सकाळी. मला हनुवटीखाली धरून ते गार पाण्याच्या अशा गुळण्या करीत, की खालच्या मजल्यावरचे लोक घड्याळ लावून घेत. इंदुताई रोज म्हणायच्या, सगळी गल्ली गोळा करायची आहे का? मी मात्र सगळं पोटात घालत होतो.

गेल्या माघात प्रतापराव गेले. तेरावं आटोपलं आणि घर सुनं झालं. इंदुताईंना सकाळ झालेली कळेनाशी झाली. प्रतापरावांचा तांब्या म्हणून मला कुणी हात लावेना.

मग एकदा भाग्यलक्ष्मीने, म्हणजे सुनेने, सासूबाईंच्या आंघोळीसाठी गिझरचं कढत पाणी माझ्यात धरलं आणि माझ्यातून गुळण्या सुरू झाल्या. तिला वाटलं, पाइपात हवा अडकली. ती प्लंबरला फोन लावायला निघाली. इंदुताई धावत दारात आल्या. थोडा वेळ ऐकून म्हणाल्या, "पाइप नाही गं. हे आहेत."

तिथेच सगळे गप्प बसले असते तर बरं झालं असतं. पण मेलेला माणूस बोलतोय म्हटल्यावर आपले लोक ऐकायला थोडेच येतात? सांगायला येतात.

मुलगा शिवराज याने नातेवाइकांना कळवलं. रविवारी घर भरलं. मला चौरंगावर बसवून हार घातला. शिवराजने आवाज टिपायला मोबाइल धरला, त्यात नुसतं पाणी वाजलं, म्हणून त्याने मोबाइल बदलायचं ठरवलं. प्रतापरावांचे धाकटे भाऊ केशवराव यांना कमी ऐकू येतं, त्यामुळे ते सगळ्यांच्या वाट्याचं बोलतात. रेसकोर्सवरच्या एका घोड्यावरून त्यांचा भावाशी जुना वाद होता. ते माझ्यात तोंड खुपसून ओरडले, "बोल की रे प्रताप, चुप कायकू बैठा? घोडा लंगडा होता की नव्हता?"

घोडा आत आला आणि कित्येक सकाळच्या गुळण्या सांडल्या.

मग रांगच लागली. शिवराजने नव्या फ्लॅटला आशीर्वाद मागितला. विहीणबाईंनी तेलुगूत रडून घेतलं. कुणी मुलाच्या व्हिसाचं सांगून ठेवलं. ज्यांनी जिवंतपणी प्रतापरावांना एक वाक्य पुरं करू दिलं नाही, त्यांनी आताही दिलं नाही. माझा जीव तुटत होता, पण तांब्याचं कोण ऐकतं?

इंदुताईंच्या लक्षात आलं. दर खेपेला पाणी ओतलं की पाहुणे जास्त आणि यजमान कमी ऐकू येत होते. त्यांनी मला पदराखाली घेतलं, न्हाणीत नेलं आणि आतून कडी घातली. पाणी ओतलं. आधी घोडा आला, मग फ्लॅट, मग विहीणबाई, मग व्हिसा. त्या पालथ्या बादलीवर बसून वाट बघत राहिल्या. तळाशी एकच गोष्ट उरली होती. घसा खाकरून प्रतापराव म्हणाले, "ऐकलं का? टॉवेल."

इंदुताई ताडकन उठल्या. मग भान आलं, तशा तोंडात पदर कोंबून खाली बसल्या. रडल्या की हसल्या, मला सांगता येणार नाही.

त्या दिवसापासून रोज सकाळी तेच. घोडा सोसायचा, व्हिसा सोसायचा, टॉवेल ऐकायचा आणि ओठ घट्ट मिटून घ्यायचे. जन्मभर नवऱ्याचा एक शब्द खाली पडू न दिलेली ही बाई, आणि आता तिला उत्तर द्यायची सोय नाही. मला तिची फार दया यायची.

परवा त्यांच्या डोळ्यांवर झोप होती. आतून आलं, "ऐकलं का? टॉवेल." आणि इंदुताईंच्या तोंडून गेलंच, "समोर खुंटीवर आहे की हो! कितीदा सांगायचं?"

माझ्या काठावरून काहीतरी ओघळलं. मी धरून ठेवायला बघितलं, पण मला हात कुठे आहेत? त्यांनी पुन्हा पाणी ओतलं. पुन्हा ओतलं. घोडा, फ्लॅट, विहीणबाई, व्हिसा आणि शेवटी त्यांचा स्वतःचाच आवाज. मग खुंटीवरचा टॉवेल काढून त्यांनी मला कोरडं पुसलं. बाहेर येऊन सुनेला म्हणाल्या, "गेले गं. टॉवेल घेऊन गेले."

भाग्यलक्ष्मीने चहा ठेवला.

आता मी न्हाणीतल्या फळीवर असतो. शिवराज मला मोडीत द्यायचं म्हणतो. देऊ नका, एवढीच विनंती आहे. इंदुताई अजून खणखणीत आहेत आणि देव करो, पुष्कळ वर्षं राहोत. पण कधीतरी हे घर पुन्हा सुनं होईल. कुणी माझ्यात कढत पाणी ओतेल, सगळे पाहुणे बोलून जातील आणि शेवटी आवाज येईल, "समोर खुंटीवर आहे की हो!" त्या वेळी, बाबांनो, खुंटीकडे खुशाल बघा, पण तोंड तेवढं उघडू नका.